टाळीच्या जागा

त्या भाषणात टाळीच्या चार जागा आहेत. आमच्या वस्तीत कोणालाही विचारा, शाळेची पायरी न चढलेली म्हातारीसुद्धा बोटावर मोजून सांगेल. पहिली लवकर येते, अजून मागच्या बायका सतरंजीवर बसतच असतात तेव्हा. दुसरी तळ्याचा उल्लेख आल्यावर. तिसरी सगळ्यांत मोठी. आपण इथे तहान भागवायला आलेलो नाही, माणसांत माणूस म्हणून उभं राहायला आलो आहोत, असा अर्थ जिथे येतो तिथली. चौथी शेवटी, पण ती भाषण संपल्याची असते, तिला काही किंमत नाही.

भाषण कोणाचं, हे मी इथे लिहीत नाही. ज्यांना गावच्या तळ्याला शिवू देत नव्हते अशा माणसांच्या सभेत, त्यांच्याच पुढाऱ्याने, तळ्याच्या गावात केलेलं ते भाषण. शंभर वर्षं होत आली त्याला. एवढ्यावरून ज्यांना कळलं त्यांना कळलं. ज्यांना कळलं नाही त्यांनी आपल्याला का कळलं नाही याचा विचार घरी बसून करावा.

मला ते आत्याने शिकवलं. आत्या म्हणजे बाबांची मोठी बहीण. ती आणि तिचा नवरा आमच्याच गावात, आमच्या घराला लागून एका खोलीत राहायचे. आसेगावच्या पुढे आतल्या बाजूला आमचं गाव आहे. तिने जन्मभर दुसऱ्यांच्या वावरात निंदण केलं, सोयाबीन सोंगलं. अक्षर येत नव्हतं. पण दरवर्षी जयंतीला कोणीतरी ते भाषण म्हणायचं आणि आत्या पुढे बसायची. पंचवीस-तीस वर्षं ऐकून ऐकून ते तिच्या कानात पक्कं बसलं होतं. मी सहावीत असताना बाबांनी त्याची पातळ पुस्तिका आणली आणि आत्याने ताबा घेतला. ती सुपात तूर निवडत बसायची आणि मी समोर उभी राहून म्हणायची.

"थांब व," ती मधेच म्हणायची. "घाई कायले करून राह्यली? तिथं लोकाइले टाळी वाजवू दे ना."

"पण पुस्तकात थांबा असं नाही लिहिलेलं."

"पुस्तकात लोकं बसले हायेत काय? लोकं समोर बसतेत. त्याइचं तोंड पाह्य, अन थांब."

म्हणून मी थांबायला शिकले. तिसऱ्या जागी तर आत्या हातातलं सूप खाली ठेवायची, दोन्ही हात वर करायची आणि मला थांबवून धरायची. एक, दोन, तीन. मग हात खाली. मग मी पुढचं वाक्य घ्यायची. इतकं केल्यावर मी गावात पहिली येणारच होते. आले. पुढे मंगरूळपीरला तालुक्याच्या स्पर्धेतही आले.

गावच्या जयंतीला स्टेजवर प्रमुख पाहुणे म्हणून एक गृहस्थ असायचे. गावातले मोठे शेतकरी, दोनदा सरपंच झालेले. सगळं गाव त्यांना भाऊ म्हणतं, आम्हीही म्हणतो. त्यांच्या गळ्यात निळी शाल घालायचे, ते ती कार्यक्रम संपेपर्यंत काढायचे नाहीत. माझं भाषण झालं की उठून बक्षीस द्यायचे आणि माईकवर म्हणायचे, "पोट्टी आपल्या गावाचं नाव काढते पाहा." वस्ती खूश. बाबा खूश. मीही खूश, खोटं कशाला बोलू? सलग चार वर्षं मी त्या माणसाच्या हातून बक्षीस घेतलं आणि वाकून नमस्कार केला.

त्याच भाऊंच्या घरी गावच्या स्मशानशेडची किल्ली असते.

शेड सरकारी पैशातून झालेलं आहे. वर टिन, खाली सिमेंटचे दोन ओटे, भोवती तारेचं कुंपण, पुढे लोखंडी गेट आणि गेटवर पिवळ्या रंगात 'मोक्षधाम'. आत सुक्या लाकडाची थप्पी रचलेली. लाकूड चोरीला जातं म्हणून गेटला कुलूप. गावात कोणी गेलं की किल्ली येते. वस्तीत कोणी गेलं की किल्ली सापडत नाही. भाऊ वाशीमला गेलेले असतात, वहिनींना कुठे ठेवली ते माहीत नसतं, ज्याला माहीत असतं तो वावरात असतो. 'तुम्ही इथे यायचं नाही' असं आम्हाला आजपर्यंत एकाही माणसाने म्हटलेलं नाही. आमच्या गावची ही रीत आहे आणि ती फार सभ्य रीत आहे. मग वस्ती आपलं प्रेत उचलते आणि नाल्याच्या काठावर नेते, बापजादे नेत आले तिथे.

आत्याचा नवरा श्रावणात गेला. मी तेव्हा आठवीत होते. झड लागलेली, आठ दिवस सूर्य नाही. नाल्याच्या काठी ओल्या लाकडांवर त्याला ठेवला, टायर घातले, रॉकेल ओतलं. दुपारपर्यंत धूरच. संध्याकाळी नाल्याला पाणी वाढलं. आत्या हलायला तयार नव्हती, तिला बाबांनी आणि अजून दोघांनी उचलून मागे आणलं. जेवढं जळायचं राहिलं होतं तेवढं पाण्याने नेलं. तिसऱ्या दिवशी आम्ही राख सावडायला गेलो तर तिथे गाळ होता.

त्यानंतर आत्याने आयुष्यात एकच गोष्ट मागितली. ती सगळ्यांजवळ मागितली: बाबांजवळ, तिच्या लेकीजवळ, आणि मी वाशीमला कॉलेज करून तिथल्या एका संघटनेत काम करू लागले, पत्रकं लिहू लागले, मोर्चात पुढे चालू लागले, तेव्हा माझ्याजवळ.

"मले छपराखाली जाळजा," ती म्हणायची. "शेडात. बाकी तुमाले काई मागत नाई."

"आत्या, कायद्याने तो तुमचा हक्क आहे."

"कायदा अशीन व. मी जाळाचं बोलून राह्यली."

मी म्हटलं, करू. अगदी सहज म्हटलं. पत्रकात शेवटच्या ओळीला म्हणतात तसं.

*

आत्याही श्रावणातच गेली, गेल्या वर्षी. सकाळी चहा घेतला, भिंतीला टेकून बसली आणि तिथेच गेली. बाहेर झड. बाबांनी मला फोन केला, मी वाशीमहून पहिल्या गाडीने निघाले. तिची लेक, म्हणजे माझी ताई, सासरहून माझ्याआधीच पोचलेली होती. ती कपाशीच्या कामाला जाते, तिच्या बोटांच्या टोकांना चिरा असतात. त्या हातांनी तिने आईला आंघोळ घातली, पांढरं लुगडं नेसवलं. त्रिशरण-पंचशील झालं. बाबांनी किल्लीसाठी माणूस पाठवला. उत्तर आलं, भाऊ वाशीमला गेले.

"ते वाशीमले नाई गेले," मी म्हणाले. "त्यांची गाडी मी आत्ता दारात पाहून आले."

सगळ्यांनाच ते माहीत होतं.

"शेडावरच न्यायचं," मी म्हणाले. "गेटसमोर ठेवू. बघू कोण अडवतं ते."

बाबांनी ताईकडे पाहिलं. ताई म्हणाली, "मायनं सांगतलं होतं. चला."

वस्तीतली साठेक माणसं असतील, बाया आणि माणसं दोन्ही. आमच्याकडे बाया स्मशानात जातात. बाबा पुढच्या खांद्याला. मेणकापड अंगावरून घातलेलं, त्यावर पाणी साचत होतं आणि ताई ते हाताने सारत चालली होती. गेटपाशी पोचलो, तिरडी खाली ठेवली. पाच मिनिटांत वाशीमला गेलेले भाऊ छत्री घेऊन आले. मागे दहा-बारा जण. चौकीवरचे जमादार मोटरसायकलवर आले, रेनकोट घालून एका बाजूला उभे राहिले.

"भाऊ, किल्ली द्या जी," बाबा म्हणाले.

"किल्ली कमिटीची हाय रे बाप्पा. मी एकटा कोण देणारा? कमिटी बसंन, ठरवंन."

"कवा बसंन?" ताईने विचारलं.

"झड उघडू दे."

मागून एक जण म्हणाला, "तुमचं ठिकाण नाल्यावर हाय ना वो. तिकडं कोणं अडवलं तुमाले?"

"तिकडं पाणी आलं हाय," बाबा म्हणाले.

"पाणी त इकडंबी हाय," तो म्हणाला आणि त्याने आभाळाकडे हात केला. त्याच्या बाजूचे दोघं-तिघं हसले. एक प्रेत समोर भिजत होतं आणि ती माणसं हसली. हे मी जसं झालं तसं लिहिते आहे.

माझ्या पिशवीत ग्रामपंचायतीच्या मालमत्ता नोंदवहीची नक्कल होती. शेड गावातल्या सर्व नागरिकांसाठी, असं तिच्यात स्वच्छ लिहिलेलं. ती दोन महिन्यांपूर्वी मीच अर्ज करून काढलेली. मी ती बाहेर काढून जमादारांच्या हातात द्यायला हवी होती. तक्रार लिहून घ्या म्हणून तिथेच अडून बसायला हवं होतं. नाहीतर सरळ सगळ्यांनी मिळून गेटला खांदा लावायला हवा होता. साठ माणसं होतो. बिजागऱ्या गंजलेल्या होत्या.

यातलं मी काहीच केलं नाही. मी भाषण केलं.

सुरुवात माझी स्वतःची होती, रागाची, काहीतरी लाज वाटू द्या वगैरे. मग दोन-तीन वाक्यांतच तळं आलं, आणि तळं आल्यावर ते भाषण आलं. ठरवून नाही. सहावीपासून जे तोंडात बसलेलं होतं ते आपोआप बाहेर पडायला लागलं, त्याच चढउतारासकट. आवाज चांगला लागला होता. पावसातही मागपर्यंत जात होता. समोरची माणसं हसायची थांबली होती, त्यामुळे मला जोर आला. मला वाटलं, मी जिंकते आहे. मी तिसऱ्या जागेपर्यंत आले. ते वाक्य बोलले, पूर्ण ताकदीने, बोट त्या कुलपाकडे करून.

आणि थांबले.

सवयीने थांबले. एक, दोन, तीन.

आणि टाळी पडली.

आमच्या लोकांनी वाजवली. हातात छत्र्या होत्या, काहींनी मेणकापडाचं टोक धरलेलं होतं, ते सोडून वाजवली. वीस वर्षं त्या वाक्याला टाळी वाजवत आलेली माणसं ती. त्यांचा हात त्यांना विचारून वर गेला नाही. मयतीत, प्रेतासमोर, आमच्या वस्तीने टाळ्या वाजवल्या. आणि गेटच्या बाजूला भाऊंनीही वाजवली. छत्री काखेत धरून, जयंतीच्या स्टेजवर वाजवायचे तशीच, हात जरा वर धरून. त्यांचं पाहून मागच्यांनी वाजवली. पाणी इकडंही आहे म्हणणाऱ्यानेसुद्धा.

मला पुढचं वाक्य आठवेना. पहिल्यांदाच.

"वा," भाऊ म्हणाले. "आवाज अजून तसाच हाय बरं तुहा." मग छत्री हातात घेतली आणि खरंच मायेने म्हणाले, "आता घेऊन जा व माय. म्हातारीले भिजवू नोका."

जमादार पुढे आले. "चला, चला. बोलून झालं ना? पाणी वाढण्याआधी आटपा."

ताई तिरडीशी बसलेली होती. तिने माझ्याकडे वर पाहिलं. "झालं तुहं?" एवढंच तिने विचारलं. मग बाबांना म्हणाली, "मामा, उचला."

नाल्यावर काय झालं ते फार लिहीत नाही. आत्याच्या नवऱ्याच्या वेळी रॉकेल होतं, आता डिझेल होतं, एवढा फरक. दुपारी तीनला पेटली आणि धड पेटली नाही. ताई बांबूने निखारे सारत होती, आणि तिचा नवरा तिला मागे ओढत होता. ती म्हणाली, "सोडा. माही माय हाय, मी पाह्यतो." अंधार पडायच्या आधी पाणी चितेपर्यंत आलं. पुढचं तुम्हाला माहीत आहे.

*

आता जे लिहायचं ते लिहायला लाज वाटते.

वस्तीतल्या कोणीतरी मोबाइलवर माझं भाषण घेतलं होतं. चाळीस-पन्नास सेकंदांचं. मी बोट करून उभी, मागे 'मोक्षधाम', पाऊस, ते वाक्य, टाळी. दुसऱ्या दिवशी ते सगळीकडे फिरायला लागलं. वाशीम, अकोला, पुसद, कुठून कुठून फोन आले. वाघीण म्हणाले, लेक असावी तर अशी म्हणाले. आमच्या संघटनेने ते आपल्या पानावर टाकलं. आणि मला अर्धा दिवस बरं वाटलं. आत्या नाल्यात वाहून गेलेली आणि मी घराच्या ओसरीत बसून लोकांनी काय काय लिहिलंय ते वाचत होते.

तिसऱ्या दिवशी ताईला घेऊन पोलीस ठाण्यात गेले, तक्रार द्यायला. ॲट्रॉसिटीच्या कायद्याखाली, रीतसर, मुद्देसूद. मीच लिहिली होती. साहेबांनी ती वाचली, बाजूला ठेवली आणि मोबाइल काढला.

"हे तुमीच ना?" त्यांनी विचारलं.

"हो."

"यात त सगळेच टाळ्या वाजवून राह्यले. तुमी ज्याचं नाव दिलं ते गृहस्थबी वाजवून राह्यले."

"त्यांनी कुलूप उघडलं नाही."

"पण विरोध कुठं दिसते यात? कोणं शिवी देल्ली? कोणं ढकललं? तुमाले बोलू देल्लं, ऐकलं, टाळ्या वाजवल्या." त्यांनी ते पुन्हा लावलं. माझा आवाज त्या खोलीत घुमला. "म्याडम, मी सांगतो, असं वातावरण मी दुसऱ्या गावात नाई पाह्यलं."

जाबजबाब झाले. चौकशीच्या कागदात एक वाक्य आलं: घटनास्थळी वातावरण खेळीमेळीचे असल्याचे चित्रफितीवरून दिसून येते. ती नक्कल माझ्याजवळ आहे. मी पत्रकं लिहिणारी बाई, शब्द कसे मारतात ते मला कळतं. हे वाक्य ज्याने लिहिलं त्याने मला माझ्याच हत्याराने मारलं होतं, आणि ते हत्यार त्याच्या हातात मीच दिलं होतं.

ताईला मी ते वाचून दाखवलं. 'खेळीमेळी' म्हणजे काय, तिने विचारलं. मी सांगितलं. तिने कागद हातात घेऊन उलटसुलट पाहिला. मग म्हणाली, "मी वाजवली नव्हती टाळी. माहे हात मायवर होते. तेवढं लिही कुठंतरी."

इथे लिहिते आहे.

*

त्यानंतर मी त्या भाषणाविषयी नीट वाचायला बसले. पुस्तिका नव्हे, मोठी पुस्तकं, संघटनेच्या खोलीतली. आणि दोन गोष्टी कळल्या, ज्या मला आधीच कळायला हव्या होत्या.

पहिली ही की ते भाषण तळ्यावर अडवणाऱ्यांना उद्देशून नव्हतं. समोर आपलीच माणसं होती, गावोगावहून पायी, भाकरी बांधून आलेली. ते त्यांना उभं करायला होतं. अडवणाऱ्यांचं मन वळवायला तो माणूस तिथे आला नव्हता. मी तेच शब्द उचलून कुलूप लावणाऱ्याला ऐकवले, आणि त्याने ते ऐकून घेतले, कारण त्यात त्याचं काहीच जात नव्हतं. दरवर्षी ऐकतच होता.

दुसरी गोष्ट जास्त लागली. त्या खेपेला तळ्याला हात लावता आला नव्हता. त्याआधी काही महिने लोक गेले होते, पाणी प्यायले होते, त्यासाठी मार खाल्ला होता. पण हे मोठं भाषण झालं तेव्हा कोर्टाचा मनाईहुकूम आला होता. हजारो माणसं जमलेली, तळं समोर, आणि पाण्यापर्यंत जायचं नाही असं ठरवावं लागलं. पुढे तो दावा कित्येक वर्षं चालला. साक्षी, कागद, तारखा. तळं खुलं झालं ते त्या दाव्याने. आमच्या पुस्तिकेत हे नाही. पुस्तिका चौथ्या टाळीला संपते.

आत्याला हे माहीत असतं तर ती काय म्हणाली असती, मला ठाऊक नाही. तिला मी शेवटपर्यंत फक्त भाषणच वाचून दाखवलं.

*

दिवाळीनंतर भाऊ आमच्या घरी आले. स्वतः. बाबांनी खुर्ची दिली, मी चहा केला नाही. ताई त्या वेळी आमच्याकडेच होती, ती चुलीपाशी बसून राहिली.

"झालं ते वाईट झालं," भाऊ म्हणाले. "माह्या मनाले लागलं. म्हणून मी निधी आणला. नाल्याकडं, जरा उंचावर, तुमचं स्वतंत्र शेड. टिन, ओटा, सगळं. किल्ली तुमच्यापाशी. कोणाले मागाचं काम नाही."

"अन गावचं शेड?" मी विचारलं.

"ते हाय ना तिथं. ते कुठं चाललं?" ते हसले. "तुह्या आत्याचं नाव देऊ व त्याले. अन उद्घाटनाले भाषण तुहंच. तेच, तळ्याचं. मी कलेक्टर साहेबाले बोलावतो ऐकाले."

मी काय बोलले ते बाबांना आवडलं नाही. पाहुण्याला असं बोलू नये, असं ते नंतर म्हणाले. मी एवढंच म्हणाले होते की भाऊ, तुम्ही आमच्या मेलेल्यांनासुद्धा वेगळं ठेवायला निघालात आणि त्याला माझ्या आत्याचं नाव देता. ते उठून गेले. जाताना बाबांना म्हणाले, "इचार करा. छप्पर छप्पर असते."

आणि वस्तीने विचार केला. हे मला अपेक्षित नव्हतं. मला वाटलं होतं सगळे भडकतील. अर्धी वस्ती म्हणाली, घेऊ. विहारात रविवारी दुपारी बैठक बसली. मी उभी राहिले. त्या दिवशी माझं बोलणं वाईट झालं. अडखळले. एका वाक्यालाही टाळी पडावी असं काही नव्हतं त्यात. मी फक्त सांगितलं की वेगळं शेड एकदा झालं की कागदावर कायमचं होईल, आज आपण किल्ली मागू शकतो, उद्या ती मागायचा हक्कच राहणार नाही. वेगळं शेड नको आणि गावच्या शेडचं कुलूप काढा, असा जिल्ह्याला अर्ज करायचा, आणि त्यामागे लागायचं. किती वर्षं लागतील मला माहीत नाही.

एक म्हातारे म्हणाले, "तू वाशीमले राह्यतं. आमी मरून राह्यलो इथं."

"मीबी इथंच मरणार हाय काका."

"तुहं अजून दूर हाय. माहं येत्या पावसाळ्यात हाय." काही जण हसले, तेही हसले. पण ते थट्टेत म्हणत नव्हते.

मग ताई उठली. ती आता सासरच्या गावची, या गावात तिला तसा बोलायचा हक्क नाही, पण उठली. "माह्या मायनं छप्पर मांगतलं होतं हे खरं हाय," ती म्हणाली. "पण नाल्यावरचं नव्हतं मांगतलं." आणि बसली. तिने पहिला अंगठा... नाही, तिला सही येते, तिने सही केली. त्या दिवशी बावीस सह्या झाल्या. वस्तीत मोठी माणसं शंभराच्या वर आहेत. बाबांनी केली नाही. ते भिंतीला टेकून बसून राहिले आणि सगळे उठले तसे उठले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी अर्ज घेऊन निघणार होते. बाबा अंगणात दात घासत होते. चूळ भरली आणि माझ्याकडे न पाहता म्हणाले, "मी मेलो त कुठं नेशीन?"

"गावच्या शेडावर."

"अन कुलूप असलं त?"

"गेटसमोर ठेवीन."

"भाषण करशीन?"

"नाही."

"मंग?"

"बसून राहीन. लिहून घ्या म्हणीन. कुलूप निघत नाही तोवर उठणार नाही."

"किती दिवस?"

पत्रकात असतं तर मी लिहिलं असतं, न्याय मिळेपर्यंत. पण समोर बाप होता, आणि तो स्वतःच्या देहाचं विचारत होता. ते थांबले, माझं तोंड पाहत. मग त्यांनीच हिशेब केला.

"दोन दिवस ठेव," ते म्हणाले. "तिसऱ्या दिवशी वास सुटते. मंग आपलेच लोकं पळतात, त्याइचा दोष नाही. दोन दिवस मी कळ काढीन."

हात धोतराला पुसून त्यांनी अर्ज मागितला, ओट्यावर ठेवला आणि ताईच्या नावाखाली जागा शोधून सावकाश सही केली. मी कागद उचलायला गेले तर त्यांनी हात धरला.

"नावापुढं लिही," ते म्हणाले. "दोन दिवस. मागाहून कोणी म्हणाले नोको का आमाले माहीत नव्हतं."

मी लिहिलं.